एक जूनची डावखुरी

आमच्या शाळेच्या रजिस्टरात जवळजवळ सगळी मुलं एक जूनला जन्मलेली होती. जूनमध्ये शाळा उघडायची, बाप लेकराला हाताला धरून आणायचा. कारकून विचारायचा, जन्म कधीचा? बाप सांगायचा, "पोळ्याच्या आदल्या रोजचा," नाहीतर "थोरल्या बैलाला सापाचं पान लागलं त्या साली." कारकून लेकराला वरून खालपर्यंत बघायचा, उंचीवरून एक साल ठरवायचा आणि त्यापुढे एक जून टाकायचा. कुणाला त्यात वावगं वाटत नसे. हे कारकून म्हणजे माझे वडील. आम्ही त्यांना अण्णा म्हणायचो.

माझी तारीख मात्र खरी होती. अण्णांनी ती पंचांग पाहून लिहिली होती.

सत्तर ते ऐंशीच्या मधली ही वर्षं. हिंगोली तेव्हा नुसता तालुका, जिल्हा परभणी. आमचं गाव शिरड शहापूरच्या अलीकडे, रस्त्यापासून आत. मी दहावीला होते. आमचे खेळाचे सर कुठल्याशा शिबिराला आठ दिवस जाऊन आले आणि येताना एक मोठा पांढरा चेंडू घेऊन आले.

"मुलींसाठी नवा खेळ हाय, सॉफ्टबॉल," सर म्हणाले. "जिल्ह्यात कुणालाच येत न्हाई. म्हणजे आपण लवकर जिंकू."

हा हिशोब मला पटला. बॅटी गावच्या सुतारांनी बाभळीच्या करून दिल्या, त्या मुसळासारख्या जड होत्या. हातमोजे विकत आणण्याची ऐपत शाळेची नव्हती. विहिरींवर इंजिनं आली होती, जुन्या मोटा गोठ्यात पडून होत्या. त्यांच्या चामड्याचे दोन हातमोजे चांभाराने शिवले. एक मला मिळाला, कारण मी कॅचर होते. पिचरने टाकलेला चेंडू बॅटवालीच्या मागे बसून झेलायचा, हे माझं काम. मी हाडापेराने मोठी होते, चेंडू छातीवर बसला तरी रडत नव्हते, म्हणून सरांनी मला निवडलं. कॅप्टनही मीच.

पिचर कोण, हे सरांनी माझ्यावर सोडलं. "चेंडू तुझ्या हातात येऊन पडतो," ते म्हणाले. "कुणाचा कसा येतो ते मला लांबून काय कळणार?"

दोघीच कामाच्या होत्या. एक सुतारांची मुलगी, माझ्या बाकावर बसणारी. तिचा चेंडू हळू यायचा, पण बापाच्या हातातल्या सुतासारखा सरळ. मी हातमोजा जिथे धरीन तिथे. दुसरी तांड्यावरची, नववीतली. ती डावखुरी होती आणि आम्ही तिला डावखुरीच म्हणायचो. लहानपणापासून जोंधळ्याच्या राखणीला शेतातल्या माळ्यावर उभं राहून तिने गोफण फिरवली होती. सॉफ्टबॉलमध्ये चेंडू खालून टाकतात. ती हात एकदा पूर्ण गरकन फिरवायची आणि चेंडू यायचा तो दिसायचाच नाही. पहिल्या दिवशी माझी दोन बोटं सुजली.

"चेंडू टाकून राहिली का दगड गं?" मी विचारलं.

"तुझ्या हातात अख्खी मोट हाय," ती म्हणाली. "तकलीफ होत असंल तर दुसऱ्या हातातबी घाल."

तिची खोड एकच होती. दोन-तीन इनिंग झाल्या की तिचा चेंडू भरकटायचा. या खेळात चार चेंडू बाहेर गेले की बॅटवाली काही न करता पहिल्या बेसवर जाते; तिन्ही बेस फिरून घरात, म्हणजे बॅटच्या जागी, परत आली की एक धाव. डावखुरी दमली की एकामागून एक अशा चार जणींना फुकट फिरवून आणायची. सात इनिंगचा खेळ, तिघी बाद झाल्या की एक इनिंग संपते. हळू टाकणारी सात टिकते पण तिच्यावर नजर बसते. जोरात टाकणारीवर नजर बसत नाही पण ती टिकत नाही. एकीला कधी काढायचं आणि दुसरीला कधी आणायचं, हे ठरवणं म्हणजे माझा खेळ होता. झेलणं नंतरचं. शाळेच्या वहीच्या मागच्या पानावर मी रोज लिहायचे, कुणी किती टाकले, कितव्या चेंडूपासून हात खाली आला.

त्याच दिवसांत कळमनुरीकडून पाहुण्यांचा निरोप आला. मुलगी बघायला येऊ का? सर आमच्या घरी आले. परभणीला जिल्ह्याचे सामने होते, तिथे जिंकणारा संघ औरंगाबादला जाणार होता. मी दाराआड उभी होते.

"दोन सामने काय, खेळू दे परभणीला," अण्णा म्हणाले. "जिंकली तर जाऊ दे औरंगाबादला. आन मग मॅट्रिक होईस्तोवर पाहुण्यांचं नाव काढणार न्हाई मी. पण हरली, तर खेळ बंद. मग येणाऱ्या पाहुण्यांना पोहे करायचे. माझा शब्द हाय."

माय आतून मला म्हणाली, "खूश हो. तुझा बाप शब्द मोडत न्हाई."

हे खरं होतं. गावात अण्णांचा शब्द म्हणजे सही-शिक्का. म्हणून मी खूश झाले.

शाळेत बाई नव्हत्या. मुलींबरोबर कुणीतरी जबाबदार माणूस हवं म्हणून अण्णाच परभणीला आले. वयाची चौकशी झालीच तर असावं म्हणून कापडी पिशवीत शाळेचं रजिस्टर आणि शिक्का घेतला. अर्ज सरांनी आधीच भरून पाठवले होते. सोळाच्या आतल्या मुली हव्या होत्या. सरांनी रजिस्टर उघडलंच नव्हतं, आमच्या तोंडांकडे बघून सगळ्यांपुढे 'पंधरा' लिहून टाकलं होतं. आमच्याकडे वय असंच लिहायची रीत.

जिल्ह्यात हा खेळ खेळणारे दोनच संघ निघाले. तीन सामने, ज्याचे दोन तो औरंगाबादला. पहिल्या दिवशी सकाळी सुतारांच्या पोरीने सातही इनिंग टाकल्या आणि आम्ही हरलो. समोरच्या मुली शहरी होत्या, त्यांनी तिसऱ्या इनिंगपर्यंत तिचा चेंडू ओळखला. दुपारी मी पुन्हा तिलाच सुरुवातीला ठेवलं. समोरच्या हसल्या. पाच इनिंग त्यांना हळू चेंडूची सवय लागू दिली आणि सहाव्या इनिंगला डावखुरीला बोलावलं. तिच्या पहिल्या चेंडूला बॅटवालीने बॅट फिरवली तेव्हा चेंडू माझ्या हातमोज्यात येऊन पडलेला होता. सहा जणी गेल्या, सहाही बॅट न लागता. एक-एक अशी बरोबरी झाली.

संध्याकाळी धर्मशाळेच्या ओट्यावर आम्ही भाकरी-पिठलं खाल्लं. सरांनी विचारलं, उद्याचं काय?

"उद्या त्या शेवटच्या दोन इनिंगसाठी तयार राहणार," मी म्हणाले. "म्हणून डावखुरी पहिल्या दोन इनिंग टाकणार. घाबरवून सोडायचं. मग तिला मैदानात लांब उभी करायची, हाताला आराम. मधल्या तीन सुताराच्या पोरीनं टाकायच्या. जोरात बघून डोळे फिरलेले असतील, हळू चेंडूला त्या लवकर बॅट मारतील. आन शेवटच्या दोन पुन्हा डावखुरीच्या."

"मला मधी घातलं व्हय?" सुतारांची पोर म्हणाली. "पोळीतल्या पुरणासारखं?"

"पुरणासाठीच पोळी खातात गं," डावखुरी म्हणाली. सगळ्या हसल्या. सुतारांची पोर हसली नाही. दोन सामन्यांत मिळून तिने बारा इनिंग टाकल्या होत्या, तिचा खांदा सुजला होता आणि कौतुक सगळं डावखुरीचं चाललं होतं.

अण्णा शेजारी बसून ऐकत होते. त्यांनी मला विचारलं, "म्हणजे उद्या जिंकणार तू?"

"बराबर जिंकणार," मी म्हणाले.

"बरं," ते म्हणाले. हात धुतले, पिशवी घेतली आणि पान खाऊन येतो म्हणाले. कोपऱ्यावरच्या हॉटेलात ते समोरच्या संघाच्या सरांबरोबर चहा घेताना दिसले. मला त्यात काही वाटलं नाही. दोघेही शाळेतलीच माणसं.

सकाळी मैदानावर लिंबाखाली टेबल मांडलं होतं. सामन्याचे साहेब तिथे बसले होते आणि समोरचे सर त्यांच्यापुढे एक कागद धरून उभे होते. आमच्या सरांना बोलावलं. मी मागोमाग गेले.

"तुमची डाव्या हाताची मुलगी," साहेब म्हणाले. "सतरा वर्षं सहा महिन्यांची आहे."

"कोण म्हणतंय?"

"तुमचंच रजिस्टर म्हणतंय. ही नक्कल."

डावखुरी हे ऐकून आधी हसलीच. "मी सतराची? मला कुणी सांगितलंबी न्हाई." मग तिला कळलं की कुणी चेष्टा करत नाही. "साहेब, माझी माय सांगती, मी हुरड्याच्या दिवसात झाले. आन कागदावर एक जून म्हणता. जूनमधी हुरडा कुठं असतो?"

दोन-चार माणसं हसली. साहेबही हसले. "बरोबर आहे बाई तुझं. पण त्याचा कागद आहे का?"

"हुरड्याचा कागद?"

माझा पहिला संशय सुतारांच्या पोरीवर गेला. ती सुजलेला खांदा धरून उभी होती आणि माझ्याकडे बघत नव्हती. मी मनातल्या मनात तिला दोन शिव्या हासडल्या. मग साहेबांनी कागद टेबलावर ठेवला आणि मी तो वाचला. जांभळी शाई होती. 'जन्म' आणि 'जून' या दोन्ही शब्दांतल्या 'ज'ची शेपटी ओळीच्या खाली लांब ओढलेली होती. त्या वळणावर मी पाटीवर वर्षभर हात फिरवला होता.

सरांनी अण्णांना हाक मारली. अण्णा पिशवी घेऊन आले, रजिस्टर काढलं, पान उघडून दाखवलं.

"तारीख बरोबर आहे?" साहेबांनी विचारलं.

"सही माझी हाय, शिक्का शाळेचा हाय," अण्णा म्हणाले.

त्यांनी माझ्याकडे पाहिलं नाही. डावखुरीने पाहिलं. तिला माहीत होतं की मला सगळं माहीत आहे. रजिस्टरात कोण कसं साल टाकतं हे शाळेतल्या प्रत्येक मुलीला माहीत होतं. मी एवढंच म्हणायचं होतं, साहेब, ते पान उलटा. पुढचं पान उलटा. अख्खं गाव एक जूनला जन्मलंय का ते बघा. ही तारीख ज्यांनी अंदाजाने टाकली ते हेच, आणि नक्कल देणारेही हेच.

चार माणसांत बापाला खोटं पाडायचं. माझी जीभ उचलली नाही.

साहेबांनी डावखुरीचं नाव खोडलं. नऊ जणींचा संघ, आमच्यात दहावी म्हणून एक मुलगी होती, पाणी द्यायला आणलेली. तिला उजवीकडे लांब उभी केली, चेंडू जिकडे सहसा जात नाही तिकडे. आणि सुतारांच्या पोरीला मी सांगितलं, "सातही तुलाच टाकायच्या."

"खांदा वर होत न्हाई गं माझा."

"वर न्यायचा न्हाईच. खालूनच टाकायचा हाय."

मला तिची माफी मागायला हवी होती, मनातल्या शिव्यांबद्दल. वेळ नव्हता. एकच पिचर उरली की काही ठरवावं लागत नाही, तिला फक्त पुरवून वापरायचं असतं. पहिल्या दोन इनिंग मी तिला जोर लावूच दिला नाही. हातमोजा बॅटवालीपासून लांब, गुडघ्याखाली धरायचे. तिथला चेंडू लागला तरी जमिनीवरून जातो, आणि आमच्या मुली जमिनीवरचा चेंडू अडवण्यात पटाईत होत्या. प्रत्येक चेंडूनंतर मी उठून चेंडू पुसायचे, बुटाची नाडी बांधायचे, तेवढाच तिच्या हाताला दम. दोन इनिंगच्या मध्ये ओल्या पंच्याने खांदा बांधून ठेवायचे. पाचव्या इनिंगला आम्ही चार-तीनने पुढे होतो. अण्णा लिंबाच्या सावलीत पिशवी मांडीवर घेऊन बसले होते आणि आमची मुलगी धावून आली की टाळ्या वाजवत होते. मनापासून वाजवत होते. ते मला अजून कळलेलं नाही.

सहाव्या इनिंगला तिचा चेंडू अर्ध्या वाटेतच पडायला लागला. चार-चार झाले. आमच्या सातव्या इनिंगला काहीच झालं नाही. त्यांच्या सातव्या इनिंगला तिन्ही बेसवर त्यांच्या मुली उभ्या राहिल्या, दोन जणी बाद झालेल्या होत्या. मी चालत तिच्याकडे गेले. तिच्या डोळ्यांत पाणी होतं, ते दुखण्याचं होतं.

"बोल," ती म्हणाली. "कुठं टाकू?"

"सरळ टाक. मधोमध. मारू दे."

"आतापर्यंत लांब टाक म्हणून राहिली होती."

"आता न्हाई."

तिने प्रयत्न केला. पहिला चेंडू माझ्यापर्यंत टप्पा पडून आला. दुसराही. तिसरा बरोबर आला, बॅटवालीने तो सोडला. चौथा बाहेर. शेवटचा चेंडू तिने डोळे मिटून टाकला असावा, तो बॅटवालीच्या पावलाजवळ पडला. चार बाहेर. पहिल्या बेसवरची दुसऱ्यावर गेली, दुसऱ्यावरची तिसऱ्यावर, आणि तिसऱ्यावरची मुलगी माझ्यासमोरून चालत घरात आली. धावलीसुद्धा नाही. कुणी बॅटही लावली नाही आणि आम्ही हरलो.

मैदानाच्या कडेला डावखुरी चेंडू नसलेला हात फिरवत उभी होती. सकाळपासून तिने हात गरम ठेवला होता.

परतीच्या एसटीत ती माझ्या शेजारी बसली. मग म्हणाली, "अक्षर कुणाचं ते तुला म्हाईत होतं."

"व्हय."

"मग काहून बोलली न्हाई?"

"बाप हाय माझा."

"आन मी?" ती म्हणाली.

हट्ट्याला गाडी थांबली. ती पाणी प्यायला उतरली आणि परत चढली ती पुढे ड्रायव्हरच्या मागच्या बाकावर बसली. सुतारांची पोर माझ्या खांद्यावर डोकं टेकून झोपली होती. तिचा मला भार होत होता पण मी हलले नाही.

घरी पोचल्यावर मी अण्णांना विचारलं. स्वयंपाकघरात, मायसमोर.

"नक्कल तुमी दिली?"

"मागितली. नियमानं द्यावीच लागती."

"तारीख तर अंदाजानं टाकलेली. तुमीच टाकली."

"अंदाज कधीचा?" अण्णा म्हणाले. "सही झाली की तारीख खरी."

"मला नुसतं जाऊ नको म्हणायचं होतं ना."

त्यावर ते थोडं चिडले. "शब्द दिला होता मी. जिंकली असती तर औरंगाबादला धाडलंच असतं तुला."

माय चुलीकडे तोंड करून बसली होती. शब्द मोडला नव्हता, हे तिलाही कबूल असावं. अण्णांना शब्द मोडायचा नव्हता आणि मला पाठवायचंही नव्हतं, मग त्यांनी शब्द पाळायची वेळच येऊ दिली नाही. कागद खरा, सही खरी, शिक्का खरा. बोट कुठे ठेवायचं ते मला सापडेना.

डावखुरी शाळेत आली नाही. आठवड्याने तिचा बाप आला आणि अण्णांना विचारून गेला, पोरगी खरंच सतराची हाय का? अण्णांनी रजिस्टर उघडून दाखवलं. सतराची असेल तर नववीत काय करून राहिली, असं तिच्या घरच्यांना वाटलं असेल. पुढे वारंगा फाट्याकडच्या एका गावात तिला दिल्याचं कानावर आलं. मोटेच्या चामड्याचा दुसरा हातमोजा तिच्याकडेच राहिला.

आमच्याकडे पाहुणे आले. ठरल्याप्रमाणे मी पोहे केले. मुलाचे काका, मामा आणि एक म्हातारे गृहस्थ होते. नाव, शिक्षण, स्वयंपाक झाला. मग म्हाताऱ्यांनी मला नीट न्याहाळून विचारलं, "वय काय पोरीचं?"

अण्णांनी तोंड उघडण्याआधी मी म्हणाले, "रजिस्टरात बघा. अण्णांनीच लिहिलंय. सगळ्यांचं लिहितात, अंदाजानं."

काका हसले. म्हातारे हसले नाहीत. त्यांनी माझे खांदे पाहिले, मनगटं पाहिली, उन्हात रापलेला चेहरा पाहिला. अण्णा घाईघाईने म्हणाले, "न्हाई न्हाई, हिची खरी हाय. पंचांग बघून लिहिलेली."

"बाकीच्यांची खोटी?" म्हाताऱ्यांनी विचारलं.

अण्णांनी पानाचं तबक पुढे सरकवलं. हो म्हणावं तर नोकरी, नाही म्हणावं तर लेक. मी रिकाम्या बशा उचलल्या.

पाहुण्यांचा निरोप आला, मुलगी थोराड वाटते. मग ते पसरलं. कारकुनाने स्वतःच्या लेकीचं वय उतरवून लिहिलंय, अठराची असेल, विसाचीही असेल. दोन वर्षं आमच्या दारात कुणी पाहुणा फिरकला नाही. मी मॅट्रिक झाले, पुढे डी.एड. केलं. खेळ मात्र बंद झाला तो झालाच. ते त्यांनी शब्दाला धरून केलं.

अण्णा माझ्याशी पूर्वीसारखेच बोलत. वही तपासून देत, पेन्सिलीला टोक करून देत. मी त्यांच्या हातातून आलेला प्रत्येक कागद मात्र वाचून घ्यायला लागले. बाजारची यादीसुद्धा. त्यांच्या लक्षात आलं होतं. ते यादी माझ्या हातात द्यायचे आणि माझं वाचून होईपर्यंत थांबायचे.

मॅट्रिकच्या सर्टिफिकेटावर माझी जन्मतारीख छापून आली. त्या रजिस्टरातली एकुलती एक खरी तारीख, आणि गावात तेवढीच एक कुणाला खरी वाटत नव्हती. डावखुरीची सतरा वर्षं मात्र सगळ्यांनी मानली.